स्कॉटलंडच्या वहीतला मोगरा

मास्तर, तुमची मुलगी उद्या सकाळच्या गाडीनं अमरावतीहून अकोल्याला येणार आहे आणि तुमच्या वह्या घेऊन जाणार आहे. तिचं पत्र येऊन आठ दिवस झाले. आठ दिवस मला जेवण गोड लागलेलं नाही. पत्रात ती मला काका म्हणते. बाबांनी स्कॉटलंडच्या लेखकांवर लिहिलेला ग्रंथ माझ्यापाशी आहे असं तिची आई शेवटपर्यंत सांगत होती, आता तो छापावा असं मनात आहे, असं तिनं लिहिलं आहे. छापावा! तुम्ही गेलात तेव्हा ती परकरात होती, ओसरीवर बसून माझ्या दौतीत चिंचोके टाकायची. आता तिचेही केस पिकले असतील. इंग्रज जाऊन दोन वर्षं झाली, कचेरीवरचा झेंडा बदलला, आणि हिला आता साहेबाच्या मुलखातले कवी छापायचे आहेत. कोण वाचणार आहे? पण कोणीतरी वाचेल, हीच माझी भीती आहे. शिकलेली माणसं सगळं वाचत नाहीत, नेमकं नको तेवढंच वाचतात.

वह्या सात आहेत. कडुलिंबाचा पाला घालून पत्र्याच्या पेटीत ठेवल्या आहेत, कसर लागलेली नाही. आज दुपारपासून मी पेटी चार वेळा उघडली. सून विचारते, मामाजी, काय हरवलं? मी म्हणतो, काही नाही. खरं म्हणजे सहाव्या वहीत एक पान आहे. ते फाडावं की राहू द्यावं, हे मला ठरवायचं आहे, आणि मला ठरवता येत नाही. म्हणून तुम्हाला लिहायला बसलो. ज्याच्यावर हा राग काढावा असा तुमच्याशिवाय दुसरा माणूस उरलेला नाही.

तुम्ही पुण्याकडून आमच्या वऱ्हाडात, अमरावतीला, हेडमास्तर होऊन आलात. मी सतरा वर्षांचा, इंग्रजी तिसरीत, सगळ्यांत थोराड. बाप मेलेला. गावाबाहेर नाल्याकाठी आमचा फुलांचा न् भाजीचा मळा, माय देवीच्या देवळापाशी पाटी घेऊन बसायची. पहिल्याच आठवड्यात मी उठून म्हणालो, "मास्तर, मले समजलं नाही." तुम्ही खडू ठेवलात. "मले? जिभेला शेण लागलंय का रे तुझ्या? मला म्हण." मी म्हणालो, मला. "दहादा म्हण." मी दहादा म्हणालो, वर्ग हसला. अकराव्यांदा घाबरून मले म्हणालो, तेव्हा तुम्हीही हसलात. त्यानंतर आजतागायत मी चारचौघांत तोंड उघडण्याआधी वाक्य मनात एकदा म्हणून पाहतो. कचेरीतले लोक मला घुम्या म्हणायचे. त्याचं कारण तुम्ही.

मग तुम्ही माझं अक्षर पाहिलं. तुमचं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय. मास्तर, तुमची तीच अडचण होती, आणि मी तुम्हाला आयता सापडलो. तुम्ही देवळापाशी जाऊन मायला म्हणालात, "बाई, याचं अक्षर छापल्यासारखं आहे. माझ्या घरी पाठवत जा. याला माणूस करतो."

माय हार ओवता ओवता म्हणाली, "करा जी मानूस. पन सांजच्याले मळ्यात पानी द्याले परत पाठवजा, तेवढ्यापुरता बैलच राहू द्या."

तुम्हाला ते कळलं नाही. देवळासमोरच्या बाया हसल्या आणि तुम्ही छत्री उघडून निघून गेलात.

कॉलेजात असताना कोणा स्कॉच प्राध्यापकानं तुम्हाला आपली पुस्तकं दिली होती, तेव्हापासून तुम्हाला हा नाद. पाचशे-सहाशे वर्षांतले तिथले सगळे लेखक मराठीत आणायचे. तुम्ही परीक्षेच्या जुन्या पेपरांच्या कोऱ्या बाजूंवर लिहायचात, मी ते वह्यांत उतरवायचो. तिसऱ्या प्रहरी शाळा चालू असताना मी तुमच्या ओसरीवर. मास्तरीणबाई चहा द्यायच्या, कोनाड्यात ठेवलेल्या कान तुटलेल्या कपात, तो मीच विसळून परत कोनाड्यात ठेवायचा. त्या कधी उणा शब्द बोलल्या नाहीत, तो कपच बोलायचा. पहिल्या वहीत एक धर्मोपदेशक, त्यानं इंग्रजांना हरवणाऱ्या राजाचा पोवाडा रचला. मग एक राजा, इंग्रजांच्या कैदेत वाढलेला, त्यानं खिडकीतून बागेतली बाई पाहिली आणि तिच्यावर काव्य केलं. मग दरबारातले कवी, एकमेकांना भर सभेत शिव्या देण्याची त्यांची चढाओढ लागायची. ते प्रकरण मला आवडलं होतं. शेवटच्या वहीत एक छातीचा दुखणाईत, थंडीला भिऊन दूरच्या बेटावर राहायला गेला आणि तिथेच मेला. ही सगळी माणसं मला माझ्या नातेवाइकांपेक्षा जास्त पाठ आहेत. परीक्षेच्या आठवड्यात तुम्ही म्हणालात, "एवढं प्रकरण संपव रे, परीक्षा काय, पुढल्या वर्षीही येईल." पुढल्या वर्षी परीक्षा आली, तुम्ही राहिला नाहीत. प्लेगाच्या दिवसांत चार दिवसांत आटोपलात. वह्या दुसऱ्या प्रतीसाठी माझ्या घरी होत्या, त्या तशाच राहिल्या. मी इंग्रजी तिसरीवर संपलो आणि अकोल्याच्या कचेरीत नकलनवीस झालो.

चौथ्या वहीतला तो नांगऱ्या कवी आठवतो? तुम्ही त्याच्यावर ऐंशी पानं लिहिलीत. तो आपल्या खेड्याच्या बोलीत लिहायचा, शहरातले विद्वान त्याला म्हणायचे, बाबा, शुद्ध इंग्रजीत लिही. त्या विद्वानांना तुम्ही कसं झोडपलंत! मातीची भाषा, आईच्या दुधाची भाषा. मी ते उतरवत होतो, आणि वर्गात दहादा म्हटलेलं ते ‘मला’ माझ्या कानात होतं. वाटलं, टाक बाजूला ठेवून दौत तुमच्या धोतरावर ओतावी. ओतली नाही. ओळ सरळ आली पाहिजे म्हणून रेघेवर लक्ष ठेवलं.

पाचव्या वहीत एक लंगडा वकील आहे. तो खेड्यापाड्यांत फिरून म्हाताऱ्यांची गाणी गोळा करायचा. एका मेंढपाळ कवीच्या आईनं त्याला गाणी म्हणून दाखवली, आणि छापून आल्यावर तिनंच त्याला फैलावर घेतलं, की ही गाणी गायची होती, तू ती कागदावर घालून मारलीस. हे मला सांगताना तुमचा आवाज भरून आला होता. "काय बाई असेल रे ती!" तुम्ही म्हणालात. त्याच वेळी माझी माय तुमच्या मागल्या दारी देवाची फुलं घेऊन उभी होती, आणि तुम्ही तिला, "ठेव तिथे," एवढंच म्हणालात.

आणि त्याच वहीत तो लबाड. डोंगरात फिरताना हजार-दीड हजार वर्षांपूर्वीच्या भाटाची गाणी सापडली असं सांगून त्यानं पुस्तक छापलं. सगळी विलायत रडली. मग कोणीतरी विचारलं, मूळ कागद कुठे आहे? मूळ कागद त्याला काही दाखवता आला नाही. तुम्ही मात्र त्याला क्षमा केलीत. "रडवलं ना त्यानं लोकांना," म्हणालात, "मग कागद हवा कशाला?"

मास्तर, ते तुमच्या तोंडून ऐकलं आणि माझ्या डोक्यात किडा शिरला. सहाव्या वहीत अनामिक बायकांच्या गाण्यांचं प्रकरण होतं. माय हार ओवताना एक ओवी म्हणायची, तिचीच, दुसऱ्या कोणाकडून मी ती ऐकली नाही:

मोगरा माह्या मळ्याचा, बाई, डोईत नाही लावला,
इकता इकता जल्म सरला, वास हाताचा नाही गेला.

ती मी तुमच्या भाषेत बसवली. मोगरा काढला, त्या देशातल्या डोंगरउतारावरचं जांभळं फूल घातलं, ते तुमच्या वह्यांत मी शंभरदा उतरवलं होतं. जांभळे फूल माझ्या डोंगराचे, केसांत कधी न माळले, विकता विकता जन्म सरला, हातांचे गंध न पुसले. वर लिहिलं, एका फूलवालीचे गाणे, कर्ती अज्ञात. तुम्हाला पकडायचं होतं. तुम्ही वाचाल, म्हणाल, हे काय रे, हे मी लिहिलेलं नाही, आणि मी म्हणेन, नाही मास्तर, हे माझ्या मायचं आहे. हे वाक्य मी कितीदा तरी मनात घोकलं होतं.

तुम्ही वाचलंत. चष्मा कपाळावर सरकवलात. "हे मी कधी केलं?" म्हणालात. मी तोंड उघडणार एवढ्यात तुम्हीच म्हणालात, "हां. प्राध्यापकसाहेबांच्या पुस्तकातून घेतलं असणार. काय उतरलंय बघ. मूळ किती सुंदर असेल!" आणि माझ्या पाठीवर थाप मारलीत. त्याच दिवशी तुम्ही मला तो पितळी टाक दिलात, कामावर खूश होऊन. मी तो घेतला.

पुढे वाचनालयात तुमचं व्याख्यान. दुपारचे चार, सतरंज्या अंथरलेल्या, वकील मंडळी पुढे, आणि मी तुमच्या खुर्चीमागे वह्या घेऊन उभा. हार मायकडूनच आलेले, ती दारापाशी पाटी घेऊन बसलेली. तुम्ही धर्मोपदेशकापासून सुरुवात करता, राजा होतो, नांगऱ्या होतो, आणि शेवटी म्हणता, आता एका निरक्षर फूलवालीचे उद्गार ऐका. तुम्ही ते म्हणता. पुढच्या रांगेतला एक म्हातारा वकील उपरणं डोळ्यांना लावतो. टाळ्या होतात. टाळ्या थांबल्यावर दाराकडून मायचा आवाज येतो, अगदी साधा, भाव सांगावा तसा.

"हे त माह्यं हाय जी. याच्यात मोगरा व्हता. मोगरा काहून काढला?"

सगळे वळून पाहतात आणि हसतात. चिटणीस उठतात, "माळीणबाई, हार ठेवा न् बाहेर बसा." तुम्ही हात वर करून त्यांना थांबवता, तुम्हाला गंमत वाटलेली असते. "बाई," तुम्ही म्हणता, "हे सातासमुद्रापलीकडचं काव्य आहे. जात्यावरचं रडगाणं नव्हे. तुझं कसं असेल?" पुन्हा हशा. माय माझ्याकडे पाहते. मी वहीकडे पाहतो. मग ती पाटी डोक्यावर घेते आणि जाते. पाटीतून एक शेवंती पडलेली असते, चिटणीस ती पायानं बाजूला सारतात.

तुम्हाला मी त्यासाठी आजवर क्षमा केलेली नाही. ज्या म्हातारीनं त्या लंगड्या वकिलाला फैलावर घेतलं तिच्यासाठी तुमचा गळा दाटला, आणि तशीच एक तुमच्या दारात उभी राहिली तेव्हा तुम्ही तिच्यावर लोकांना हसवलंत. तुम्हाला सगळं समुद्रापलीकडून आलेलंच दिसायचं.

पुढे चाळीस वर्षं मी निकालपत्रांच्या नकला केल्या. प्रत्येकीखाली लिहिलं, अस्सलबरहुकूम नक्कल, आणि सही केली, तुमच्याच टाकानं. बनावट दस्तऐवजाची कलमं उतरवताना दर वेळी सहावी वही आठवायची. मायला जाऊनही वीस वर्षं झाली. उद्या तुमच्या मुलीनं हे पान छापलं तर मायची ओवी कायमची साहेबाची होईल. फाडलं तर ओवी कुठेच राहणार नाही, कारण ती मलाच तेवढी पाठ आहे आणि माझा काही भरवसा नाही. मुलीला समोर बसवून सांगावं तर माझ्या तोंडून शब्द निघणार नाही, आणि निघाला तर मले असाच निघेल.

हे लिहिता लिहिता उठलो आणि सहावी वही काढली. जांभळ्या फुलावर रेघ मारली. समासात ओवी मायच्या बोलीत लिहिली, मोगऱ्यासकट. खाली लिहिलं, हे गाणे स्कॉटलंडचे नसून अमरावतीच्या एका माळणीचे आहे, मी तिचा मुलगा, वहीत मीच घुसडले, मास्तरांना माहीत नव्हते. सही केली. अक्षर चांगलं आलं आहे. वाचून तुमची मुलगी मला काका म्हणेल की नाही, कोण जाणे. वह्या फडक्यात बांधल्या. हे पत्र त्यात घातलेलं नाही, ते इथेच पेटीच्या तळाशी राहील, कारण एक गोष्ट समासात लिहिण्याचं मला धाडस झालं नाही.

व्याख्यानाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी माय मळ्यात कळ्या खुडत होती. मान वर न करता तिनं विचारलं, "काहून रे, ते माह्यंच व्हतं ना?"

मी म्हणालो, "नाही माय. ते सायबाच्या मुलखातलं हाय. मास्तर खोटं सांगतीन काय?"

"असंन बाबू," ती म्हणाली. "मले काय समजते." त्यानंतर ती हार मुक्यानं ओवायची.

मास्तर, तुम्हीही तिला तेच सांगितलं होतं. पण ते खोटं आहे हे तुम्हाला माहीत नव्हतं. मला माहीत होतं.