एका वेतनवाढीसाठी

४ जानेवारी
आजपासून लढा. माझी वार्षिक वेतनवाढ रोखली! आरोप काय, तर खुर्चीला कोट अडकवून मी ऑफिसच्या वेळात मेहुण्याच्या रंगाच्या दुकानात गल्ल्यावर बसतो. रोज बसतो म्हणे. साफ खोटं. बुधवारी दुकान बंद असतं. ही म्हणते, वाढच गेलीय, नोकरी आहे ना? झाकली मूठ राहू द्या. हिला तत्त्व म्हणून काही कळत नाही.

११ जानेवारी, दुपार (दुकानातून)
वकील गाठला. म्हणाला, तुम्ही केलं की नाही यात कोर्ट सहसा पडत नाही. चौकशी रीतसर झाली का, तेवढं बघतं. वा! कोर्टं माझ्यासारख्यांसाठीच काढलीत. चौकशीची नोटीस मिळाली होती का, विचारलं. कुठली? शिपाई तीनदा येऊन गेला म्हणे. मी जागेवर असलो तर मिळणार ना! वकील खूश. हाच मुद्दा, पण जपून लिहू, म्हणाला.

२० जानेवारी
प्रतिज्ञापत्र मीच लिहिलं. 'त्या तिन्ही दिवशी मी नेहमीप्रमाणे दुकानात होतो, सबब नोटीस मिळणे अशक्य होते.' सोबत माझ्या हातची बिलं जोडली. वकील म्हणाला, बिलं काढा आणि 'नेहमीप्रमाणे' तेवढं खोडा. काही खोडलं नाही. भित्रा आहे.

९ मार्च
संकल्प: निकाल लागेपर्यंत ऑफिसात पूर्णवेळ. आज जमलं नाही, कोर्टातल्या भाषणाची तयारी होती.

१४ जून
जिंकलो!! भाषण राहिलं. न्यायाधीशांनी दोन पानं उलटली, नोटीस पोचलीच नाही म्हणाले, शिक्षा रद्द. शेवटी 'नव्याने चौकशीची मुभा' असं काहीतरी पुटपुटले. बोलायची पद्धत असते. ऑफिसात मिठाई वाटली. साहेबांनी दोनदा घेतली. कशी जिरली!

२ जुलै
शिपाई नवी नोटीस घेऊन थेट दुकानात. हातात दिली, सही घेतली. मला टरकून आहेत.

१९ ऑगस्ट
चौकशी. त्यांच्याकडे एकही साक्षीदार नाही! अधिकाऱ्याने माझंच प्रतिज्ञापत्र वाचलं, बिलं दाखवली, अक्षर तुमचंच ना, विचारलं. अर्थात! शाळेपासून कौतुक आहे माझ्या अक्षराचं.

७ ऑक्टोबर
बडतर्फ.
वकिलाकडे धावलो. म्हणाला, नोटीस हातात दिली, अहवालाची प्रत दिली, म्हणणं ऐकून घेतलं. या वेळी बोट ठेवायला जागा नाही. मग शिक्षा फार जड आहे म्हणून भांडू? म्हणाला, एखाद्या दिवसाची चूक असती तर भांडलो असतो. नेहमीचं आहे, हे तुम्हीच शपथेवर सांगितलंय.

घरी सांगितलं. ही चिडली असती तर बरं वाटलं असतं. तिने भावाला फोन लावला, यांना दुकानात कायमचं घेशील का, विचारलं. मेहुण्याचा आवाज मला इथपर्यंत ऐकू येत होता. म्हणाला, ताई, दाजी ऑफिसातली गिऱ्हाईकं आणायचे, म्हणून तर बसवत होतो.