पांढऱ्या कपाळाची भूमिका

रविवार, १२ जानेवारी

हो म्हणून मोकळी झाली! मला विचारलंसुद्धा नाही. पुण्याच्या सिनेमावाल्या चिन्मयचा फोन आला तेव्हा मी शेतात होतो. घरी आल्यावर चहा देता देता पुष्पाबाई म्हणाली, मोठा रोल आहे, सबंध सिनेमाभर. कसला, तर विधवेचा. पहिल्याच सीनला नवरा मरतो.

मी कप तसाच खाली ठेवला.

सोमवार, १३ जानेवारी

म्हातारपणी हिला हा नाद लागला. आमच्या अमडापुरात शूटिंग होतं, ही बघायला उभी. कोणी म्हणालं, आजी, जरा या पोराला रागवा. हिनं असं झापलं की तो नट खरंच रडला! तेव्हापासून भाजीवाली, खाष्ट सासू, दवाखान्यातली म्हातारी. दोन-चार वाक्यं बोलायची आणि घरी. मी टीव्हीसमोर लोकांना बोलावून दाखवायचो.

पण कुंकू कधी पुसलं नव्हतं. गळ्यातलं काढलं नव्हतं. नवरा जिवंत असताना सवाष्णीनं हे करायचं — म्हणजे यमाला घर दाखवणंच! त्यात माझं बीपी. नाही सांग म्हटलं.

"आतापावतर तुमच्या भीतीनं चालले. आता हे करू द्या मले. तुमाले काही होत नाही."

हिला कशाचीच भीती नाही.

मंगळवार, १४ जानेवारी

संक्रांत. हळदीकुंकवाला बाया आल्या. शेजारची तानाबाई म्हणते, "लावून घे वं पुष्पाबाई, पुढच्या हप्त्यात पुसायचंच हाय." सगळ्या हसल्या. हीसुद्धा. मी आतल्या खोलीत. डावा डोळा सारखा फडफडत होता.

गुरुवार, १६ जानेवारी

छातीत दुखलं. आमचा गजेंद्र म्हणतो, गॅस आहे बाबा. पोराला काय कळतं. मी आधी स्वयंपाकघरात जाऊन तिचं कपाळ पाहून आलो. कुंकू होतं.

शनिवार, १८ जानेवारी

तोड निघाली. मंगळसूत्र काढेल, पण काळ्या मण्यांचा एक सर कमरेला बांधेल, लुगड्याच्या आत. कॅमेऱ्याला दिसणार नाही, देवाला दिसेल. जेवण गेलं आज.

सोमवार, २० जानेवारी

सकाळी गाडी येऊन तिला साखरखेर्ड्याला घेऊन गेली. पूजेला बसलो तर मणी देव्हाऱ्यातच! काल मीच देवाच्या पायाशी ठेवले होते, आशीर्वाद लागावा म्हणून. तिला सांगायचं राहिलं. घाईत तीही विसरली.

गजेंद्र मोटरसायकल काढतो आहे. मणी खिशात टाकले.

मंगळवार, २१ जानेवारी

काल पोचलो तेव्हा ती अंगणात बसली होती. कपाळ कोरं. गळा मोकळा.

समोर तिरडी, तिच्यावर भुसा भरलेलं मढं. ज्या म्हाताऱ्याला नवरा म्हणून निजवायचं होतं, त्याच्या पोरांनी ऐन वेळी नाही म्हटलं. जित्या माणसाला तिरडीवर कोण निजू देईल? बरोबरच आहे त्यांचं. गावात दुसरं कोणी तयार होईना.

तिला रडू येत नव्हतं. चार वेळा घेतलं, पाच वेळा घेतलं. भुशावर हात ठेवते आणि नुसती बघत राहते. चिन्मय बाजूला जाऊन फोनवर कोणाला तरी विचारत होता, मुंबईहून दुसरी बाई उद्यापर्यंत येईल का. तिनं ते ऐकलं. माझ्याकडे पाहिलं. पदर बोटाला गुंडाळत होती, लग्नात बोहल्यावर गुंडाळत होती तसा.

मी चपला काढल्या.

"कडूबा काका, नक्की ना?" चिन्मय म्हणाला.

मी म्हटलं, "लवकर कर बापा, माझा इचार बदलन."

बांबू पाठीला टोचत होते. तोंडावर फडकं टाकलं. काळे मणी माझ्या मुठीत. राम राम म्हणत होतो, तोही मनातल्या मनात, ओठ हलू नयेत म्हणून.

पुढचं आज लिहवत नाही.

बुधवार, २२ जानेवारी

सिनेमातल्या नवऱ्याचं नाव वेगळं आहे. पण छातीवर पडून ती ओरडली — "कडूबा!" लग्नातल्या उखाण्यानंतर पहिल्यांदा नाव घेतलं. चिन्मयनं कॅमेरा थांबवला तरी तिचं रडणं थांबेना. फडकं काढून माझ्या नाकाशी हात धरून बसली, श्वास चालतो का पाहत.

या घरात मरणाला मी एकटाच भितो, असं समजत होतो.