बर्फात बसलेला चौकीदार

ज्याचा चेहरा साऱ्या देशाला ठाऊक असतो, त्याचं नाव कुणालाच कसं ठाऊक नसतं? मी, तैसिया नझारोव्ना मेर्त्सालोवा, वय सत्तावीस, झारेचिन्स्कच्या नगर नाट्यगृहातील अभिनेत्री, सोमवारी हृदयाच्या शस्त्रक्रियेला जाण्यापूर्वी, पूर्ण शुद्धीत, कुणाचं दडपण नसताना, माझ्यामागची व्यवस्था लिहून ठेवते. (आई म्हणाली, "या वयात कसलं मृत्युपत्र? आधी सूप पी." सूप पिऊन लिहीत आहे.)

खोली सरकारची आहे. ती कोणाला देता येत नाही. बचत खात्यातील शिल्लक आईला. तिने स्वतःसाठी कोट घ्यावा, माझ्यासाठी संगमरवरी थडगं नको. नाट्यशाळेची पदवीही तिचीच. आमच्या घरातली ती पहिली पदवी. सूतगिरणीत उभं राहून ती आईनेच मिळवली आहे.

रंगभूषेची पेटी मला माझे गुरू, कै. येव्ग्राफ सिदोरोविच लुझिन यांनी दिली. ती म्हाताऱ्याकोताऱ्यांच्या भूमिका करणाऱ्या विद्यार्थ्याला द्यावी; नायकाला मुळीच नाही. सिदोरिच (आम्ही सगळे त्यांना असंच म्हणायचो) जन्मभर चौकीदार, पोस्टमन, कुणाचे तरी काका झाले. आम्हा नटांत संहितेचं पान हातून पडलं, तर आधी त्यावर बसायचं, मगच उचलायचं. नाहीतर भूमिका पडते. एका चित्रपटात ते चौकीदार होते; चित्रीकरणात त्या चौकीदाराच्या मुलाच्या मृत्यूची तार त्यांच्या हातून निसटली. तिच्या मागच्या बाजूला त्यांनी आपली वाक्यं लिहून ठेवली होती. सवयीने ते बर्फात तिच्यावर बसले. दिग्दर्शक ओरडायला उठला, पण त्याने कॅमेरा चालूच ठेवला. तेच दृश्य पडद्यावर आलं आणि देश रडला.

व्यवस्थापक गोर्देयेव यांना मी काहीही ठेवत नाही, क्षमासुद्धा. प्रवेशदालनात सिदोरिचांची तसबीर लावा म्हटलं, तेव्हा ते म्हणाले, "तैसिया, तिथे सरकारी किताबवाल्यांनाच जागा. तुझ्या म्हाताऱ्याचं नाव कोण विचारतं?"

ती तसबीर माझ्या पश्चात लावावी, असं कलम इथे होतं. ते मी खोडलं आहे. आज दुपारच्या खेळाआधी, प्रेक्षक प्रवेशदालनात कोट काढून ठेवायला देत असताना, मी स्टुलावर चढले, खिळा ठोकला, तसबीर टांगली आणि खाली पूर्ण नाव लावलं. एक आजी थबकली. "अगं बाई, हा तर आपला बर्फातला चौकीदार," म्हणाली आणि तिने नाव मोठ्यानं वाचलं. दालनभर टाळ्या सुरू झाल्या. गोर्देयेव यांनाही खिशातून हात काढावे लागले.

साक्षीदार: क्लावदिया फोमिनिच्ना झुयेवा, रंगभूषाकार (स्टूल हिनेच धरलं)
सावेली प्रोखोरोविच दुदिन, प्रकाशयोजनाकार

सही: तै. मेर्त्सालोवा
झारेचिन्स्क, शनिवार, १२ मार्च १९७७. तसबीर जागेवर आहे.