चौकशी अहवालातली आई

प्रिय आई,

आधीच सांगते, रागात लिहितेय. फोनवर विषय काढला की तुझं दूध उतू जायला लागतं, म्हणून हे पत्र.

काल कोर्टात माझी तारीख होती. बदलीचे अर्ज करकरून तीन वर्षांत नाकी नऊ आले. आमच्या वजनमापे खात्याने दर वेळी ‘प्रशासकीय कारणास्तव’ नाही म्हटलं. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, मी चढले. कारण एकच : आई एकटी राहते, दोनदा बाथरूममध्ये पडली, डाव्या हातात जोर उरला नाही, आणि मी इथे नऊ तासांच्या अंतरावर दुकानदारांचे तराजू तपासत बसलेय. डॉक्टरांचं प्रमाणपत्रही जोडलं होतं. वकीलसाहेब म्हणाले, केस पक्की आहे. त्यांना तू कुठे माहीत होतीस!

न्यायाधीशबाईंनी खात्याचा चौकशी अहवाल मोठ्याने वाचला. खात्याचा माणूस तुला बघायला आला, तर तू ठेवणीतले कपडे घालून दारात उभी. स्टुलावर चढून चांगल्या कपबश्या काढल्यास, चहा केलास. त्याने तब्येत विचारली, तर तू म्हणालीस, “मला काय धाड भरलीय? तुमचंच पोट सुटलंय, जरा चालत जा.” हेसुद्धा त्याने लिहिलंय, आई! अख्खं कोर्ट हसलं, दारातला शिपाईसुद्धा. ‘मुलीची मदत लागते का?’ या प्रश्नापुढे तुझं उत्तर : ‘मला कुणाची गरज नाही.’ खाली तुझी ठसठशीत सही. मी कपाळाला हात लावला.

तो गेल्यावर तू दोन दिवस अंथरुणातून उठली नाहीस, हे मला शेजारच्या काकूंकडून कळलं. तू का नाही कळवलंस? परक्यापुढे रडगाणं गायचं नाही, हे मला लहानपणापासून पाठ आहे. बाबा गेले त्या आठवड्यातही तू भेटायला आलेल्यांनाच गुडघेदुखीवरची औषधं सांगत होतीस. पण हा माणूस पाहुणा नव्हता गं! त्याच्या कागदावर माझी बदली अडकली होती.

न्यायाधीशबाईंनी अर्ज फेटाळला नाही. एकदा, शेवटची, फेरचौकशी सांगितलीय. येत्या गुरुवारी दुसरा माणूस येईल. पण हुकूम देण्याआधी त्यांनी चष्मा काढून मला विचारलं, “आईलाच तुम्ही नको असाल, तर कोर्टाने काय करायचं?” आई, चाळीस वर्षांत तू मला कधी ‘ये’ म्हणाली नाहीस. ‘सवड झाली तर बघ’ म्हणतेस. गुरुवारी खोटं बोल असं मी म्हणत नाही. मी जवळ हवी असेन, तर तसं त्याला सांग. नको असेन, तर मला सांग. मी अर्ज मागे घेते. मला तू हवी आहेस, हे मी तीन वर्षं सरकारी कागदांवर लिहितेय. आता एकदा तू म्हण.

तुझीच, वैतागलेली,
लेक