म्हादूच्या डोळ्याचा समेट

कळमनुरी, मंगळवार, वैशाख, शके १८६३

डोकं अजून ठिकाणावर नाही. कचेरीबाहेर बसून इतकी वर्षं लोकांचे अर्ज लिहितोय, पण आजच्यासारखा समेट कधी लिहिला नव्हता. मेंढरं शेतात शिरली म्हणून गणपतरावानं गोफण मारली आणि म्हादू धनगराचा उजवा डोळा गेला. गणपतरावाला कैद होणार, असंच वाटत होतं. आज दोघं सोबतच आले.

"फौजदारी मागं घेतो, लिहा," म्हादू म्हणाला.

"काहून? दम दिला का यानं?"

"न्हाई. खटला केल्यापासून ह्यायनं आपल्या विहिरीचं पाणी बंद केलं. मेंढरं मरून राहिली. डोळा काय वापस येतो का?"

मी 'राजीखुशीनं' असं लिहिलं. नेहमीच लिहितो. म्हादूनं अंगठा उठवला तेव्हा त्या मिटल्या डोळ्यातून पाणी गळत होतं. रडत होता, की जखमच तशी? मी विचारलं का नाही? कचेरीतल्या साहेबांनी लगेच मंजुरी दिली. राजीखुशीनं!

जाताना म्हादूला उजवीकडची पायरी दिसेना. गणपतरावानं हात पुढं केला, गोफण फिरवलेला तोच हात. म्हादूनं तो घट्ट धरला.