तांबटआळीचा कोपरा

१२ जानेवारी २०२४, शुक्रवार

वाचनालयातल्या साक्षीचा फोन. ती लोकांना महाडातल्या जुन्या आळ्या पायी हिंडून दाखवते. पुढच्या रविवारी आमची तांबटआळी. "बुद्धरत्न सर, माहिती तुम्हीच सांगा. तिथे दुसरं कोणी बोलायला तयार नाही."

दुसरं कोणी म्हणजे समोरच्या आवडीकाकू. बाकी दारांना कुलपं. एकवीसच्या पुरानंतर जो तो निघून गेला. त्यातलंच एक घर आम्ही घेतलं — मी शाळेतून निवृत्त झालो होतो, आणि बायकोला, तुळसाला, आमचं कापडं गाव सोडून बाजाराजवळ राहायचं होतं. राहिली ती जेमतेम एक पावसाळा. मग ती गेली, मी एकटाच.

हो म्हटलं साक्षीला. निदान कोणाशी तरी बोलणं होईल.

१७ जानेवारी, बुधवार

आवडीकाकूंना म्हटलं, आळीची माहिती हवी, माझ्याकडे चहाला या. "आत्ताच झाला." नेहमीचं उत्तर. पण आज ओट्यावर "बसा" म्हणाल्या. एरवी आमचं बोलणं घंटागाडी येऊन गेली का, एवढंच.

खूप बोलल्या. तांब्याचा पत्रा पूर्वी सावित्रीतून गलबतांनी यायचा म्हणे, सासरे सांगायचे. हंडे, घंगाळी, बंब. घराघरात ठोके. "माहेराला गेले का झोप नाय लागायची. ठोकेच नायत, कशी लागंल?" मग स्टील आलं. मुलं मुंबईला गेली. सांगताना त्यांची बोटं गुडघ्यावर ठोके देत होती.

मी विचारलं, "भट्टीला कोळसा कोण आणायचं?"

"आणायचं कोणतरी वखारीतनं." उठल्या, आत गेल्या.

त्या कोणतरीमध्ये माझे वडील होते. वखारीतून पाठीवर गोणी आणायची, आळीच्या कोपऱ्यावर उतरवायची. पुढे यायचं नाही. आम्ही महार.

रविवारी हे सांगायचं का? तुळसा असती तर तिला विचारलं असतं.

२१ जानेवारी, रविवार

आले आठ-दहा जण. फोटो काढले, माना डोलावल्या. कोपऱ्यावर थांबलो आणि सांगून टाकलं — इथे माझे वडील गोणी उतरवायचे, पुढे यायची त्यांना मुभा नव्हती.

एक गृहस्थ म्हणाले, "सर, छान चाललं होतं की. आता हे कशाला उकरायचं?"

बाकीचे मोबाइलमध्ये बघू लागले. साक्षीही. पुढचं मी कसंबसं उरकलं. आवडीकाकू दारातून ऐकत होत्या. नजरानजर झाली तसं त्यांनी दार लावून घेतलं.

२४ जानेवारी

काकूंचं दार बंदच. दिवसभरात दूधवाल्याशी काय बोललो तेवढंच — "उद्या नको."

३० जानेवारी, मंगळवार

श्रुतिकाचा विरारहून फोन. "बाबा, कोणासाठी राहताय तिथे? या ना इकडे." विचार करतो म्हटलं. मी टाळतोय, हे लेकीला कळलं असणार.

४ फेब्रुवारी, रविवार

साक्षी दुसरा गट घेऊन आली. या वेळी कोपऱ्यावर थांबायचंच नाही असं ठरवलं होतं. तसाच पुढे निघालो, तर मागून काठीचा आवाज.

"सर, हितलं राहिलं."

मी थांबलो. मग काकूच लोकांकडे वळल्या. "हितं कोळसा उतरायचा. आणायचा तो चांगू. उंच होता, सारखा खोकायचा. हितनं पुढं त्याला कोणी येऊ देत नव्हतं. म्हंजे आमीच. मी नवी सून, गोणी मी ओढत न्यायची." मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तुमी नुसतं वडील, वडील म्हंता. नाव घ्या की त्याचं."

मी त्यांना नाव कधीच सांगितलं नव्हतं. दारावरच्या पाटीवरही फक्त आडनाव आहे. मी कोपऱ्यावरच उभा राहिलो. साक्षीनेच लोकांना पुढे नेलं.

संध्याकाळी काकूंना म्हटलं, आज तरी चहा घ्या. "आत्ताच झाला." हसू आलं. वाईटही वाटलं. एक कप केला, उभ्यानेच प्यालो.

१९ फेब्रुवारी

काकूंना चालवत नाही. रंजिता, त्यांची मुलगी, डोंबिवलीहून आली आहे. आईला घेऊन जाणार. दुपारभर सामान बांधल्याचे आवाज.

२१ फेब्रुवारी, बुधवार

गेल्या. वीर स्टेशनवर गाडी पकडायची म्हणून रिक्षा सकाळीच आली. "येते, सर." एवढंच. समोरच्या दारालाही कुलूप.

३ मार्च, रविवार

आज आलेल्यांपैकी एका बाईंनी साक्षीला विचारलं, "या आळीतलं जुनं कोणी उरलंय का हो आता?" साक्षीने माझ्याकडे बघितलं.

"आहे," मी म्हणालो. "मी. चांगूचा मुलगा."