खुंटीखालची जमीन

सोमवार, ३ मार्च

नव्या गावात एकदाचं बस्तान बसलं. घर तिसऱ्या मजल्यावर, स्वयंपाकघराला मोठी खिडकी, आणि नळाला पाणी इतकं जोरात की नवरा पहिल्याच झटक्यात चिंब. चिमी हसून हसून लोळली. पुढचा दात पडल्यापासून ती हसली की शिट्टी वाजते.

काम चालत जाण्याइतकं जवळ. आजवर मी बहिऱ्यांच्या कानांना यंत्रं बसवली, आता प्रवाशांच्या कमरेला खुंटी बांधायची. इथून माणसं दुसऱ्या काळधारेत जातात, म्हणजे आपलंच आयुष्य जिथं वेगळ्या वळणानं गेलं तिथं. तिथं विरघळून न जाता माणूस आपला आपण राहावा, म्हणून ही खुंटी. नाव खुंटी, पण दिसायला रुंद पट्टा आणि मध्ये पितळी डबी. तिची जोडीची डबी माझ्या मेजावर, दोन्हींमधल्या दोराची गाठ तिच्यावर. गाठ बांधणाऱ्यानंच घालायची आणि त्यानंच सोडायची. आमच्या वरिष्ठांना सगळे मास्तर म्हणतात. गाठ चुकली की कान पिळल्यासारखं बघतात, एरवी माणूस लोण्याहून मऊ.

गुरुवार, ६ मार्च

माझी पहिली प्रवासी, एक शिंपीणबाई. नवरा तरुणपणीच गेला. त्या दुसऱ्या धारेत तो जिवंत आहे. मी गाठ घातली आणि त्या गेल्या. तासाभरानं परत आल्या त्या माझे हात धरूनच बसल्या. सांगत होत्या, तो पार म्हातारा झालाय, बसल्या बसल्या घोरतो. रडत होत्या की हसत होत्या, कळेना. घरी येताना मला वाटलं, असं काम मिळायला भाग्य लागतं.

मंगळवार, ११ मार्च

शिंपीणबाई रोज येतात. रोज मीच गाठ घालते.

आज चिमी डाव्या हातानं जेवत होती. मी टोकलं, तर नवरा म्हणाला, ती जन्मापासून डावरी आहे, तुझी झोप झालेली नाही. मी हसण्यावारी नेलं. पण तिच्या तोंडात सगळे दात आहेत. पडलेल्या दाताच्या जागी आठवड्यात दात येत नाही.

शुक्रवार, १४ मार्च

शिंपीणबाई काल गेल्या त्या आल्याच नाहीत. मेजावरची डबी गरम आहे. मास्तर म्हणाले, रमल्या असतील, वाट बघ. बोलताना माझ्याकडे बघितलं नाही.

घरी आले. चिमीनं दार उघडलं आणि आत ओरडली, "आई, मावशी आली."

तिच्या मागून हात पुसत तायडी आली. माझी थोरली बहीण. आम्ही दोघी लहान असताना नदीत बुडाली ती. मी काठावर उभी होते. ती डावरी होती.

आता तिच्या कानशिलावर केस पिकलेत. म्हणाली, "अशी काय बघतेस? बस, चहा टाकते."

शनिवार, १५ मार्च

दिवसभर तिच्या मागे मागे फिरले. तिच्या हनुवटीवरची खोक अजून आहे. भाजी चिरता चिरता ती लहानपणचं तेच बेसूर गाणं म्हणते. मी तिच्या खांद्यावर डोकं ठेवलं, तर म्हणाली, वेडी आहेस.

माझी खाट मागच्या खोलीत आहे. नवऱ्यानं माझ्यापुढे ताट ठेवलं आणि म्हणाला, तुम्ही घ्या अजून.

तुम्ही.

सोमवार, १७ मार्च

मास्तरांना धरलं. शेवटी बोलले. दोर ताणला की खुंटी हलते, खुंटी हलली की तिच्याखालची जमीन सरकते. ती जमीन म्हणजे बांधणाऱ्याचं घर. घरच्यांना काही कळत नाही. आठवतं ते फक्त बांधणाऱ्याला.

मी विचारलं, तुमचं घर?

"होतं," म्हणाले.

प्रवासी तिकडे राहिला तर जमीन सरकतच राहते. गाठ सोडली की थांबेल, मूळ जागी परत येईल. पण शिंपीणबाई तिथल्या तिथे विरघळतील.

गाठीवर बोटं ठेवून बसले. चिमीला पुन्हा आई म्हणताना ऐकायचं होतं. पण शिंपीणबाई कुठेतरी त्याचं घोरणं ऐकत बसल्या असतील. आणि घरी तायडी – माझ्या हातानं ती पुन्हा बुडाली असती.

बोटं काढून घेतली.

मंगळवार, १८ मार्च

मागच्या खोलीत खाट नाही. शिलाईचं यंत्र आहे, पेटी आहे. माझे कपडे नाहीत. तायडीला हाक मारली. तिनं खिडकी लावून घेतली, वाऱ्यानं आवाज येतोय म्हणाली.

चिमीच्या अगदी समोर बसले. तिला थंडी वाजली.

बुधवार, १९ मार्च

दुपार. उन्हात उभी आहे तरी कपडे ओले – पिळले तरी ओलेच –

भिंतीवर फोटो. दोन मुली. चिमीनं धाकटीवर बोट ठेवलं, विचारलं ही कोण. तायडीनं तिला जवळ घेतलं. म्हणाली, "ती तुझी मावशी. लहानपणीच नदीत गेली. मी काठावर होते गं, मला हात देता नाही आला."

तायडी रडतेय. मी इथंच आहे तायडे, हा बघ हात – दोन्ही हात –

पायाखाली वाळू. नाकात पाणी – काठावर कुणीतरी उभं – तायडे, तू नको येऊस, तू तिथंच थां